शब्दचर्चा: वेल्समधल्या ‘कॅसल’ला गड म्हणावं, कोट म्हणावं की आणखी काही?

धागालेखिका

मदत हवी आहे. आमच्या वाचनमंडळासाठी वेल्समधल्या किल्ल्यांवर एक लेख लिहायला घेतलाय. इंग्लंडचा राजा पहिला एडवर्ड यानं १२७७ आणि १२८२-८३ अशा दोन मोहिमांत उत्तर वेल्स घेतलं आणि घेतलेलं हातचं जाऊ नये म्हणून किनाऱ्यालगत एकामागून एक किल्ले बांधायला काढले. आधी फ्लिंट आणि रुद्लान, मग कॉनवी, कार्नार्वन, हार्लेख आणि १२९५ साली ब्यूमारिस. यातले शेवटचे चार १९८६पासून जागतिक वारसा यादीत आहेत.

पहिल्याच ओळीत अडले. ‘कॉनवीचा गड’ असं लिहिलं, मोठ्यानं वाचून पाहिलं आणि कानाला खटकलं. गड आपला असतो. गड राखतात, गड जागता ठेवतात, रविवारी पहाटे घरातून निघताना ‘गडावर जाऊन येतो’ म्हणून सांगतात. ज्या वेल्श माणसांच्या उरावर हे तट उभे राहिले, त्यांनी त्यांना या मायेनं हाक मारली असेल का? मग खोडून ‘किल्ला’ केलं. तो शब्द चुकीचा नाही, पण फार सपाट आहे. मूळ अरबी, आपल्याकडे फारसीच्या वाटेनं आलेला. आपण तो कुठल्याही तटबंद जागेला लावतो, दिवाळीत अंगणात मातीचा करतो त्यालाही.

१८व्या शतकातले वेल्श प्रवासलेखक थॉमस पेनंट यांनी कार्नार्वनच्या किल्ल्याला ‘आमच्या पराधीनतेचा सर्वांत भव्य बिल्ला’ अशा अर्थाचे शब्द वापरले आहेत. मी आधी ‘चिन्ह’ लिहिलं होतं, पण ‘बिल्ला’च बरोबर वाटतो. कचेरीतल्या पट्टेवाल्याच्या छातीवर पितळी बिल्ला असायचा आणि तो पट्टेवाल्याची नव्हे, त्याच्या मालकाची ओळख सांगायचा. पेनंट यांचं म्हणणं नेमकं हेच आहे. तर असा बिल्ला ज्याला म्हणता येईल, त्या बांधकामाला मराठीत काय म्हणायचं?

साताऱ्याहून

ताई, तुमची खंत कळली. पण आधी बांधणीचे शब्द नीट लावून घेऊ, भावनेचा प्रश्न मागून पाहू.

ब्यूमारिस सरळसरळ भुईकोट आहे. सपाट पाणथळ जमीन, भोवती पाण्यानं भरलेला खंदक, आत एक बुटका तट आणि त्याच्या आत दुसरा उंच तट. नावातच दलदल आहे. नॉर्मन फ्रेंचमध्ये त्याचा अर्थ ‘सुंदर दलदल’. समुद्राचं पाणी थेट दरवाज्याजवळ आणून तिथं गलबत लागेल अशी छोटी गोदीही ठेवली आहे. इंग्रजीत या रचनेला एककेंद्री वगैरे म्हणतात आणि आपल्याकडे लोक तोच भूमितीचा शब्द उचलतात. काही गरज नाही. आपल्याकडे ‘परकोट’ आहे. आतला कोट आणि बाहेरचा परकोट, एवढं म्हटलं की शेतकऱ्याच्या पोरालाही कळतं.

हार्लेख मात्र खडकावर आहे, साधारण ६० मीटर उंचीच्या. त्याला गिरिदुर्ग म्हणायला माझा जीव धजत नाही, कारण आपल्या डोळ्यांपुढे राजगड-तोरणा उभे असतात आणि हा खडक त्यापुढे टेकाडच. पण खडकाचा उपयोग जाणून केलेला आहे. तेव्हा समुद्र पायथ्याला होता आणि खडकातून खाली १०८ पायऱ्यांची वाट उतरत होती. १२९४च्या उठावात वेल्श लोकांनी जमिनीची बाजू अडवली, तेव्हा समुद्राकडूनच रसद आली आणि हार्लेख तगलं. आज समुद्र बराच मागे हटला आहे. पायऱ्या आहेत, खाली पाणी नाही.

काही शब्द तयारच आहेत, ते बिनदिक्कत वापरा. किल्ल्यातल्या सैनिकांना ‘शिबंदी’. कॉनवीची शिबंदी किती होती? ३० माणसं. त्यांत १५ तिरंदाज आडव्या धनुष्याचे, शिवाय एक पाद्री, एक लोहार, एक सुतार, एक गवंडी आणि एक शस्त्रं दुरुस्त करणारा. एवढा अजस्र दगड आणि आत ३० माणसं! मुलूख दाबून धरायला माणसं कमी पडतात म्हणून तर दगड घालतात.

‘जंग्या’, म्हणजे तटातल्या मारा करायच्या फटी, हा शब्द जरा जपून. आपल्या जंग्या बंदुकीसाठी असतात आणि हे किल्ले बांधले तेव्हा तिथं बंदूक आलेलीच नव्हती. कार्नार्वनच्या तटात एका बाहेरच्या फटीतून तीन तिरंदाज तीन दिशांनी बाण सोडतील अशी सोय आहे. ‘बाणांच्या जंग्या’ असं पहिल्यांदा लिहा, पुढं नुसतं जंग्या चालेल.

आणि ‘किल्लेदार’ म्हणाल तर म्हणा, पण एक फरक सांगा. शिवकालीन गडावर हवालदार, सबनीस आणि सरनोबत असे तीन अधिकारी, म्हणजे एकट्याच्या फितुरीनं गड जाऊ नये. कॉनवी आणि कार्नार्वनला उलट होतं. किल्ल्याचा अधिकारी तोच शेजारच्या नव्या शहराचा प्रमुख. लष्कर आणि नगरपालिका एकाच मुठीत.

धागालेखिका

काका, परकोट आणि शिबंदी घेतले. या शिबंदीची एक गोष्ट लेखात ठळक यायला हवी. १ एप्रिल १४०१, गुड फ्रायडे. कॉनवीची शिबंदी प्रार्थनेला गेलेली. इंग्रजांविरुद्ध उठाव करणाऱ्या ओवेन ग्लिंडूरच्या बाजूचा एक माणूस सुतार म्हणून दारात आला, ‘कामावर आलोय’ म्हणाला, पहारेकऱ्यांनी आत घेतलं आणि मागून त्याचे साथी घुसले. ज्या किल्ल्याला मोठ्या फौजेनं घाम फुटला असता, तो सुतारानं उघडला. पण माझा प्रश्न तसाच आहे. ‘कोट’ने रूप कळतं. हेतू कुठे कळतो?

कार्डिफहून

मी इथं बरीच वर्षं राहते. मराठी शब्द ठरवण्याआधी वेल्श काय म्हणतात तेही पाहा, म्हणजे कोडं अर्धं सुटेल.

वेल्शमध्ये दोन शब्द आहेत. ‘कास्टेल’ हा लॅटिनमधून आलेला आणि ‘काएर’ हा त्यांचा जुना, तटबंद ठिकाणासाठीचा. कार्नार्वन हे नाव ‘काएर अन् आर्वॉन’ असं फोडता येतं. आर्वॉन म्हणजे मॉन (इंग्रजीत अँगलसी) बेटासमोरचा प्रदेश, तिथला कोट. हा कोट एडवर्डचा नव्हे, तर त्याच्या हजारभर वर्षं आधीच्या रोमन छावणीचा. एडवर्डनं जुन्या नावाच्या जागी नवा किल्ला बांधला आणि त्याला बहुकोनी बुरूज, दगडाचे रंगीत पट्टे असं कॉन्स्टँटिनोपलच्या तटाची आठवण करून देणारं रूप दिलं. गंमत म्हणजे ज्या चेस्टर शहरातून त्याच्या फौजा निघाल्या, त्यालाही वेल्शमध्ये नुसतं ‘काएर’ म्हणतात आणि चेस्टर हे इंग्रजी नावही लॅटिन छावणीवरूनच आलंय.

‘वेल्श’ या शब्दाबद्दलही लिहाच. जुन्या इंग्रजीत तो ‘परका’ या अर्थाचा. स्वतःच्या भूमीत राहणाऱ्यांना नंतर आलेल्यांनी परके म्हटलं आणि तेच नाव जगभर रूढ झालं. ते स्वतःला ‘कम्री’ म्हणतात, म्हणजे एकाच मुलखातली माणसं.

उच्चारांची एक सूचना. वेल्शमध्ये एकटा एफ म्हणजे आपला ‘व’, म्हणून ‘कार्नार्फन’ लिहू नका. हार्लेखचा ‘ख’ घशातला. आणि ल्युएलिनच्या आरंभीचा आवाज मराठीत नाहीच. जीभ ‘ल’ म्हणायला टेकवायची आणि बाजूंनी नुसती हवा सोडायची. ‘ळ’ लिहून तो साधत नाही.

ल्युएलिन आप ग्रिफिथ हा वेल्सचा शेवटचा स्वतंत्र अधिपती. ११ डिसेंबर १२८२ला किल्मेरीजवळ मारला गेला. वेल्श त्याला ‘आमचा शेवटचा ल्यू’ म्हणतात. ‘ल्यू’ म्हणजे पुढारी आणि ‘ल्यू’ म्हणजे होडीचं सुकाणूही. मराठीत याला अगदी तोलाचा शब्द आहे: कर्णधार. संस्कृतात कर्ण म्हणजे सुकाणू. आपण हल्ली तो क्रिकेट संघापुरता ठेवलाय, पण इथं तो पूर्ण अर्थानं बसतो. कृपा करून त्याला ‘युवराज’ म्हणू नका. ‘प्रिन्स ऑफ वेल्स’चं मराठी वर्तमानपत्रं सर्रास ‘युवराज’ करतात, कारण १३०१ साली एडवर्डनं तो किताब आपल्या मुलाला दिला आणि पुढं तो इंग्लंडच्या थोरल्या राजपुत्राचा झाला. मुंबईच्या प्रिन्स ऑफ वेल्स म्युझियममुळे तर तो आपल्या तोंडात बसला. पण ल्युएलिन कुणाचा वारस म्हणून प्रिन्स नव्हता. तो राज्य करत होता.

पुण्याहून

मोडी वाचते, म्हणून एक शब्द पुढं करते: ठाणं.

जुन्या पत्रांत कुणी परमुलूख घेतला की लगेच येतं, ‘ठाणे बसविले’. मग लढाई झाली की ‘ठाणे उठविले’. ठाणं म्हणजे मुलूख ताब्यात राहावा म्हणून नेमक्या जागी बसवलेली शिबंदी आणि तिची इमारत. यातला ‘बसवणे’ फार मोलाचा आहे. गड बांधतात, गड वसतो, पण ठाणं वरून आणून बसवतात. संस्कृत स्थानावरून आलेला शब्द. ठाणे शहराचं जुनं नाव श्रीस्थानक, तेही त्यातलंच. आणि ‘ठाण मांडून बसणे’ आपण आजही बोलतो, कुणी उठायचं नाव घेत नाही तेव्हा. एडवर्डनं कॉनवीला हेच केलं.

तुमचा हेतू या शब्दात येतो. ‘पोलीस ठाणं’मुळे तो आजच्या वाचकाला अनोळखीही नाही, सत्तेचा वास त्याला अजून आहे.

साताऱ्याहून

पुणेकर ताईंचा शब्द मला पटला, पण एक शंका. ठाणं म्हटलं की लहान चौकी डोळ्यांपुढं येते. कार्नार्वनच्या एका दरवाज्यात पाच दारं आणि सहा वरून सोडायच्या जाळ्या आखल्या होत्या. तो पसारा ‘ठाणं’ या शब्दात मावणार नाही.

पुण्याहून

मग दोन्ही वापरा ना काका. इमारत कोट, काम ठाण्याचं. ‘कॉनवीचा कोट हे एडवर्डचं मुख्य ठाणं.’ शब्दाला शब्द हवाच असं कुठं आहे?

धागालेखिका

हे वाचलं आणि लेख पुढं सरकला. आणखी एक गोष्ट लक्षात आली: वेल्श राजांचे स्वतःचेही किल्ले होते. डॉलबादर्न, डॉलविदेलन, कास्टेल अ बेरे, क्रिकिएथ. थोरल्या ल्युएलिननं, म्हणजे शेवटच्या ल्युएलिनच्या आजोबानं, १२२१ साली कास्टेल अ बेरे बांधायला घेतला. डोंगराच्या कुशीत, खडकाच्या आकाराबरहुकूम वळत जाणारा. यांना मी ‘गड’ म्हणणार आहे. मग वाचकाला आपोआप कळेल की गड कुणाचे आणि ठाणी कुणाची. १२८३च्या जानेवारीत डॉलविदेलन पडलं, मार्चपर्यंत क्रिकिएथ, एप्रिलमध्ये कास्टेल अ बेरे. पुढच्या वाक्यात मी लिहिलंय, ‘गड पडले, त्यांची ठाणी झाली.’ दगड तेच होते.

आता बांधकामाचे शब्द. आल्प्समधल्या सव्हॉयचा गवंडी-प्रमुख मास्टर जेम्स यानं फेब्रुवारी १२९६मध्ये ब्यूमारिसवरून खजिन्याला पत्र लिहिलं. त्यात हिशेब आहे: ४०० पाथरवट आणि गवंडी, २,००० मजूर, २०० खाणकामगार, ३० लोहार, गाड्या आणि गलबतं वेगळी. दर आठवड्याला एवढा पैसा जातो कुठं, असं तुम्हाला वाटत असेल तर ऐका, असा त्याचा सूर आहे आणि शेवटी देवाच्यान् पैसे लवकर पाठवा अशी विनवणी. मध्येच एक वाक्य येतं, की वेल्श ते वेल्शच, हे तुम्हाला ठाऊकच आहे. पैशाच्या पत्रातलं ते एक वाक्य वाचून मी बराच वेळ थांबले.

या मजुरांना ‘वेठबिगार’ म्हणू का? इंग्लंडच्या एकेका परगण्याला माणसं पुरवायचा हुकूम जायचा. १२७७ साली फ्लिंटचे खंदक खणायला आणलेले मजूर वाटेत पळून जाऊ नयेत म्हणून सोबत घोडेस्वारांचा पहारा होता. पण त्यांना रोजचा पगार मिळायचा.

साताऱ्याहून

मग वेठबिगार नको. वेठ म्हणजे मोबदल्याविना. ‘हुकमाची मजुरी’ म्हणा, किंवा ‘धरून आणलेले रोजंदार’. दोन्ही गोष्टी त्यात आल्या, सक्ती आणि रोज.

कार्डिफहून

मजुरांवरून आठवलं. कॉनवीला आणि हार्लेखला बुरुजाच्या अंगाला बारीक चौकोनी भोकांची ओळ दिसते. मुलं मला विचारतात की ही कबुतरांची का? ती परांचीची भोकं आहेत. लाकडी वासे खोचायला ठेवलेली. आपल्याकडे परांची पायरी पायरीनं सरळ वर चढते आणि भोकं आडव्या रांगेत येतात. इथं ती बुरुजाभोवती वळसा घेत, तिरकी चढत गेलीयेत, घसरगुंडीसारखी. ही सव्हॉयची रीत. म्हणजे मास्टर जेम्सनं नुसते नकाशे नाही आणले, परांची बांधायची पद्धत आणि ती जाणणारी माणसं आणली. कुठला शब्द लावायचा हे विचारायला आले नाही, फक्त ‘परांची’ हा शब्द लेखात यावा असं मनापासून वाटतं.

आणखी एक. कॉनवी शहराच्या दक्षिण तटावर बाहेरच्या अंगाला १२ शौचकूप एका ओळीत, दगडी कंसांवर बाहेर काढलेले. राजाच्या कचेरीतल्या कारकुनांसाठी. आपल्या गडांवरचे शौचकूप पाहिलेल्या मराठी माणसाला ते लगेच ओळखू येतात. हाच शब्द वापरा, ‘प्रसाधनगृह’ नको.

धागालेखिका

परांची आणि शौचकूप, दोन्ही येतील.

शहराबद्दल विचारायचंच होतं. कॉनवी, कार्नार्वन आणि ब्यूमारिसला किल्ल्याला चिकटून नवं शहर आखलं. कॉनवीचा शहरतट १.३ किलोमीटर लांब, २१ बुरूज, तीन दरवाजे आणि तो आजही जवळपास सलग उभा. आत घरं बांधायला इंग्लंडमधून माणसं आणली, करात सवलती दिल्या. मी ‘पेठ वसवली’ लिहिलं होतं. आणि वेल्श लोकांना आत नागरिकत्व नव्हतं, म्हणून पुढं ‘गावकुसाबाहेर ठेवले’ असं. कसं वाटतं?

अलिबागहून

धागा पहिल्यापासून वाचतोय, आता बोलावंसं वाटलं. ‘गावकुसाबाहेर’ नका लिहू, ताई.

वेल्श लोकांवर अन्याय झाला यात शंकाच नाही. पण मराठीत ‘गावकुसाबाहेर’ म्हटलं की एकच इतिहास उभा राहतो, अस्पृश्यतेचा. तो जन्मानं ठरलेला आणि शेकडो वर्षं पिढीमागून पिढी भोगलेला. माझ्या आजोबांचं घर तिथंच होतं. कॉनवीतल्या वेल्श माणसाला बाहेर ठेवलं ते जेत्यानं, कायदा करून. त्याच्या हातचं पाणी विटाळत नव्हतं. शब्द उसना घेतला तर दोन्हीकडचं दुःख पुसट होतं.

‘तटाबाहेर’ लिहा. साधा आहे आणि खरा आहे.

धागालेखिका

दादा, तुमचं अगदी बरोबर आहे. मी घाईनं, जवळचा शब्द सापडल्याच्या आनंदात लिहिला होता. खोडला. ‘तटाबाहेर’च येईल.

पुण्याहून

आणि ‘पेठ’ही खोडा. पेठ व्यापारासाठी वसवतात आणि आसपासच्या माणसांना बोलावून वसवतात. इथं बाहेरची माणसं आणून बसवली आणि स्थानिकांना उठवलं. तिला ‘वसाहत’ म्हणावं. ब्यूमारिससाठी शेजारच्या लॅनव्हाइसच्या वेल्श रहिवाशांना हलवून मॉन बेटाच्या दुसऱ्या टोकाकडं नवं गाव दिलं, १३०३ साली. त्या गावाचं नाव आजही ‘न्यूबरो’ आहे, म्हणजे नवं शहर. कॉनवीला तर थोरल्या ल्युएलिनची समाधी असलेला मठच तिथून उचलून दरीत आत नेला आणि त्याच्या जागेवर कोट आणि शहर बांधलं.

साताऱ्याहून

समाधी हलवून कोट. हे लेखाच्या आरंभी घ्या, ताई.

एक उरलंय. या किल्ल्यांच्या ओळीला इंग्रजीत ‘लोखंडी रिंग’ म्हणतात ना? त्याचं काय करणार? मी ‘पोलादी कडं’ असं वाचलंय कुठंतरी.

कार्डिफहून

‘कडं’ नको काका. कडं आपण हातात घालतो, बाळाच्या पायात घालतो. २०१७ साली फ्लिंटच्या किल्ल्यापाशी गंजक्या पोलादाचं मोठं वर्तुळाकार शिल्प उभारायची घोषणा झाली आणि इथं लोक पेटून उठले. आमच्या गळ्याभोवतीच्या फासाचं आम्हीच स्मारक करायचं का, असा त्यांचा सवाल होता. हजारो सह्या गोळा झाल्या आणि सरकारला बेत सोडून द्यावा लागला. म्हणून ‘लोखंडी फास’ किंवा ‘लोखंडी वेढा’. मला ‘फास’ जास्त जवळचा वाटतो.

धागालेखिका

‘फास’ घेतला. एका वाक्यात लिहून पाहते: ‘गड पडले, त्यांची ठाणी झाली, आणि किनाऱ्यानं कोटांचा लोखंडी फास आवळत गेला.’

पुण्याहून

चांगलंय. फक्त ‘किनाऱ्यानं’ ऐवजी ‘किनाऱ्याकिनाऱ्यानं’ करा.

अलिबागहून

शेवटचं विचारतो. त्या तटाच्या आत आज कोण राहतं?

कार्डिफहून

वेल्श. कार्नार्वनमध्ये दहातल्या आठांहून जास्त माणसं वेल्श बोलतात, दुकानात शिरलात तर पहिलं वाक्य वेल्शमध्येच ऐकू येतं. तिथल्या माणसाला ‘कोवी’ म्हणतात आणि जुनी माणसं सांगतात की खरा कोवी तो, जो तटाच्या आत जन्मला.